विश्लेषण : एकच कल्पना, एकच सूत्रसंचालक, ‘नाइट म्युझिक’ दोन हंगामांत संपला, मग ‘लेटर’ तीन दशके कसा टिकला?

जॅझमधील दिग्गज सॅक्सोफोनवादक, कंट्री संगीताचा लोकप्रिय गायक, डोळ्याच्या बुबुळाचे मुखवटे घालणारा निनावी वाद्यवृंद आणि गिटारचा कर्णकर्कश गोंगाट हेच संगीत मानणारे रॉक वादक... या सगळ्यांना एकाच कार्यक्रमात बोलावण्याचे धाडस अमेरिकी टीव्हीने १९८८ ते १९९० या दोन हंगामांत केले. त्या कार्यक्रमाचे नाव ‘नाइट म्युझिक’. संगीताचे जाणकार आजही त्याचे नाव आदराने घेतात, पण तो संपूर्णपणे आणि अधिकृतपणे पाहण्याची सोय नाही. याच कार्यक्रमाच्या एका सूत्रसंचालकाने १९९२ मध्ये ब्रिटनमध्ये मिळतीजुळती कल्पना घेऊन दुसरा कार्यक्रम सुरू केला. तो तीन दशकांनंतरही सुरू आहे. हा फरक गुणवत्तेपेक्षा पैसा कुठून येतो याचा अधिक आहे. म्हणूनच स्वतःची सार्वजनिक वाहिनी असलेल्या महाराष्ट्रासाठीही ही गोष्ट महत्त्वाची ठरते.

‘नाइट म्युझिक’ काय होता?

हा कार्यक्रम १९८८ मध्ये ‘संडे नाइट’ या नावाने अमेरिकेच्या एनबीसी वाहिनीवर सुरू झाला. रविवारी रात्री उशिराची वेळ. मुख्य सूत्रसंचालक सॅक्सोफोनवादक डेव्हिड सॅनबॉर्न. सूत्रसंचालनात त्यांना साथ होती ब्रिटिश पियानोवादक जूल्स हॉलंड यांची. निर्मिती लॉर्न मायकल्स यांच्या संस्थेची. ‘सॅटर्डे नाइट लाइव्ह’ हा अमेरिकेतला गाजलेला विनोदी कार्यक्रम उभा करणारे ते हेच मायकल्स. दुसऱ्या हंगामात कार्यक्रमाचे नाव बदलून ‘नाइट म्युझिक’ झाले आणि त्याच्या आधी मिशेलॉब या बीअरचे नावही लागले, कारण खर्च तीच उचलत होती.

सॅनबॉर्न यांची निवड समजण्यासारखी होती. लहानपणी पोलिओ झाल्यानंतर फुप्फुसांना बळ यावे म्हणून डॉक्टरांच्या सल्ल्याने त्यांनी सॅक्सोफोन हाती घेतला. पुढे जॅझ, पॉप, रॉक, ब्लूज अशा सर्व घरांत त्यांचे जाणे-येणे राहिले. डेव्हिड बोवी यांच्या १९७५च्या ‘यंग अमेरिकन्स’मधला सॅक्सोफोन त्यांचाच. कुठल्याही एका पंथाचे नसल्याने सर्व पंथांच्या कलावंतांना हक्काने बोलावता येईल, असा हा माणूस. त्यांच्या सोबतीला ड्रमवर ओमार हकीम, बासवर मार्कस मिलर, गिटारवर हायरम बुलक असे कसलेले वादक होते. पाहुणा कोणत्याही घराण्याचा असो, त्याला साथ करण्याची ताकद या वाद्यवृंदात होती.

त्यात वेगळे काय होते?

पाहुण्यांची यादी पाहिली तरी अंदाज येतो. माइल्स डेव्हिस आणि सॉनी रॉलिन्स हे जॅझमधले महारथी, सेनेगलचे युसू एनदूर, स्वतःला शनी ग्रहावरून आलेला म्हणवणारे सन रा आणि त्यांचा ‘आर्केस्ट्रा’, न्यूयॉर्कचा सॉनिक यूथ, कॅनडाचे कवी-गायक लेनर्ड कोहेन. अशी नावे एरवी एका वाहिनीवरही दिसत नसत, मग एका कार्यक्रमात तर सोडाच. त्यातही केवळ एकामागून एक गाणी, असा मामला नव्हता. पाहुण्यांनी एकमेकांसोबत वाजवावे, हा मूळ आग्रह होता. मधूनमधून जुन्या जॅझ कलावंतांची दुर्मीळ चित्रफीत दाखवली जाई. त्यामुळे आज वाजणारा सूर कुठून आला, हे प्रेक्षकाला न शिकवताही कळत असे.

याचे सर्वांत प्रसिद्ध उदाहरण १९८९चे. लेनर्ड कोहेन यांच्या ‘हू बाय फायर’ या गाण्याचे मूळ ज्यू प्रार्थनेत आहे. त्या गाण्याला सॉनी रॉलिन्स यांच्या सॅक्सोफोनची जोड मिळाली. कोहेन यांचा खर्जातला, जवळजवळ बोलल्यासारखा स्वर आणि रॉलिन्स यांचा मोकळा, उसळता सूर. कागदावर ही जोडी जमण्यासारखी नव्हती. प्रत्यक्षात मृत्यूविषयीच्या त्या गाण्याला त्या रात्री वेगळीच खोली आली. कोहेन यांचे चाहते आजही ते सादरीकरण एकमेकांना पाठवत असतात.

सगळेच प्रयोग असे जमत नव्हते. सॉनिक यूथच्या गोंगाटात लोकसंगीताच्या वळणाने गाणाऱ्या इंडिगो गर्ल्स आणि सॅनबॉर्न यांचा सॅक्सोफोन मिसळला, तेव्हा तो प्रकार कानाला गोड लागावा अशी अपेक्षा कुणाचीच नसावी. द रेसिडेंट्स हा मुखवटेधारी वाद्यवृंद आणि कंट्री गायक कॉनवे ट्विटी एकाच भागात आले, हे वाचूनच अमेरिकी संगीतप्रेमी आजही हसतात. पण फसण्याची मुभा असल्याशिवाय प्रयोग होत नाही. रविवारी रात्री लाखो घरांत दिसणाऱ्या टीव्हीवर ही मुभा मिळाली, हीच या कार्यक्रमाची मोठी गोष्ट होती.

ही तर जुगलबंदीच, नाही का?

मराठी श्रोत्याला सहवादन नवे नाही. जुगलबंदी आपल्या मैफलींचा भाग आहे. पं. रविशंकर आणि यहुदी मेन्युहिन यांनी १९६०च्या दशकात एकत्र ध्वनिमुद्रण केले, १९७०च्या दशकात जॉन मॅकलॉफ्लिन, झाकिर हुसेन आदींचा ‘शक्ती’ आला. परंतु त्या भेटी तुल्यबळ उस्तादांच्या होत्या आणि त्यांना आधीपासून श्रोता होता. ‘नाइट म्युझिक’मध्ये ज्यांचे श्रोते एकमेकांना नाके मुरडतात, अशांना समोरासमोर उभे केले जाई.

आपल्याकडे त्याचे चित्र रंगवायचे तर असे : एकाच मंचावर धृपद गायक, संगमनेरकडची लावणी गायिका, गोव्यातला मांडो गाणारा गट आणि डोंबिवलीचा रॅपर. प्रत्येकाने आपापले दहा मिनिटांचे सादर करायचे आणि शेवटी चौघांनी मिळून काहीतरी एक. त्यात कुणाचा अपमान होणार नाही आणि कुणाची थट्टाही होणार नाही, याची जबाबदारी कार्यक्रमाची. हे शेवटचे सर्वांत अवघड. विजोड माणसे एकत्र आणून गंमत करणे सोपे असते. त्यांना एकमेकांचे ऐकायला लावण्यासाठी जाणकार माणूस लागतो.

तो जाणकार माणूस कोण होता?

हॅल विलनर. दुसऱ्या हंगामात कलावंतांची निवड आणि जोड्या जमवण्यामागे प्रामुख्याने त्यांचे डोके होते. ‘सॅटर्डे नाइट लाइव्ह’मध्ये प्रहसनांचे संगीत सांभाळणारे विलनर त्याआधीच एका वेगळ्या कामासाठी ओळखले जात. एखादा संगीतकार घ्यायचा आणि त्याच्या रचना परस्परांशी संबंध नसलेल्या कलावंतांकडून गाऊन-वाजवून घ्यायच्या. इटालियन चित्रपट संगीतकार निनो रोटा (१९८१), जॅझ पियानोवादक थेलोनियस मंक (१९८४), जर्मन संगीतकार कुर्ट वाइल (१९८५) आणि डिस्नेची गाणी (१९८८) यांवर त्यांनी असे अल्बम केले.

विलनर स्वतः मोठे वादक नव्हते. त्यांचे भांडवल म्हणजे कान, ओळखी आणि ‘यांनी त्यांच्याबरोबर गायले तर?’ असा प्रश्न विचारण्याची हिंमत. मराठीत अशा माणसाला नेमका शब्द नाही. संयोजक म्हटले तर तो खुर्च्या मांडणारा वाटतो, निर्माता म्हटले तर पैसे घालणारा. पण कोणताही प्रयोगशील कार्यक्रम अशा एका माणसाच्या रसिकतेवर उभा असतो. आपल्या वाहिन्यांवर या पदाला जागाच नसते, तिथे परीक्षक असतात आणि स्पर्धक असतात. विलनर यांचे एप्रिल २०२० मध्ये करोनाच्या पहिल्या लाटेत निधन झाले, सॅनबॉर्न मे २०२४ मध्ये गेले. दोघांच्याही आठवणी लिहिताना अनेकांनी ‘नाइट म्युझिक’चा उल्लेख आवर्जून केला.

इतका चांगला होता, तर बंद का पडला?

खासगी टीव्हीचे गणित साधे आहे. कार्यक्रम प्रेक्षकांना दाखवला जातो, पण विकला जातो जाहिरातदाराला. जाहिरातदार मोजतो ती डोकी. उत्तररात्रीच्या वेळेला डोकी आधीच कमी. त्यात या आठवड्यात आलेल्या प्रेक्षकाला पुढच्या आठवड्यात काय मिळेल, याची खात्री नाही. कंट्रीचा चाहता एका रविवारी खूश, पुढच्या रविवारी हैराण. सवय लागत नाही आणि टीव्हीचा धंदा तर सवयीवर चालतो.

दुसऱ्या हंगामात कार्यक्रम एनबीसीच्या मुख्य वेळापत्रकातून बाहेर पडून ‘सिंडिकेशन’मध्ये गेला. म्हणजे वेगवेगळ्या शहरांतील स्थानिक केंद्रांनी तो स्वतंत्रपणे घ्यायचा आणि आपल्या सोयीने दाखवायचा. अशा व्यवस्थेत एकाच कार्यक्रमाची वेळ शहरागणिक बदलते, प्रेक्षकाला तो शोधावा लागतो. तेव्हा मोबाइलवर मागे जाऊन पाहण्याची सोय नव्हती. चुकला तो चुकला. १९९० नंतर पुढचा हंगाम झाला नाही.

मिशेलॉबला दोष देण्यात अर्थ नाही. बीअर विकणाऱ्या कंपनीने सन रा यांना टीव्हीवर आणले, ही गोष्ट उपकाराचीच म्हणायला हवी. प्रायोजक नसता तर हे दोन हंगामही झाले नसते. प्रायोजकाचे प्रेम मोहिमेपुरते असते, एवढाच मुद्दा. मोहीम संपली, अंदाजपत्रक बदलले, की कार्यक्रमाच्या पायाखालची सतरंजी निघते.

‘लेटर’ कसा टिकला?

इथे जूल्स हॉलंड पुन्हा येतात. ऑक्टोबर १९९२ मध्ये बीबीसी टू वाहिनीवर ‘लेटर... विथ जूल्स हॉलंड’ सुरू झाला. कल्पना ओळखीची. भिन्न प्रवृत्तींचे कलावंत एकाच स्टुडिओत गोलाकार बसवायचे, कॅमेरा मध्ये, आणि एकाचे गाणे संपले की तो वळून दुसऱ्याकडे. आपली पाळी येईपर्यंत प्रत्येक जण बाकीच्यांचे ऐकत उभा. जागतिक कीर्तीचा रॉक बँड आणि माली किंवा क्युबाहून आलेला वादक यांना एकाच खोलीत सारखेच स्थान.

‘लेटर’ तुलनेने मवाळ आहे, हे मान्य करायला हवे. तिथे कलावंत बहुतेकदा आपापलेच गातात. विलनर यांच्यासारखा आगीशी खेळ नाही. लोकप्रिय नावे हमखास असतात. पण त्या नावांच्या ओढीने आलेला प्रेक्षक अनोळखी कलावंतही ऐकतो, हेच त्याचे यश. २००४ मध्ये ऐनवेळी अमेरिकी रॅपर नॅस येऊ शकला नाही, तेव्हा केटी टन्स्टल या फारशा परिचित नसलेल्या स्कॉटिश गायिकेला बोलावण्यात आले. एकटीने गिटार आणि पायाखालच्या लूप यंत्रावर तिने गाणे उभे केले आणि तिची कारकीर्द मार्गी लागली. अशी संधी स्पर्धेच्या मंचावर मिळत नाही, कारण तिथे आधी रांगेत उभे राहावे लागते, आणि ऐकणाऱ्याला गुणही द्यायचे असतात.

‘लेटर’ला तीस वर्षे मिळाली याचे मुख्य कारण बीबीसीचा परवाना शुल्कावर चालणारा कारभार. ब्रिटनमधील घरांकडून हे शुल्क घेतले जाते, म्हणून एका कार्यक्रमाने आपला खर्च जाहिरातीतून वसूल करण्याची गरज नाही. उलट, सर्वांचे पैसे घेता तर सर्वांसाठी काहीतरी द्या, अशी त्या संस्थेवर सक्ती आहे. त्यात अल्पसंख्य रसिकही आले.

हा ब्रिटनचा अपवाद म्हणावा, तर अमेरिकेतच दुसरे उदाहरण आहे. टेक्सासमधील ऑस्टिनच्या सार्वजनिक टीव्ही केंद्राचा ‘ऑस्टिन सिटी लिमिट्स’. त्याचा पहिला प्रायोगिक भाग १९७४ मध्ये विली नेल्सन यांच्या गाण्याने चित्रित झाला आणि तो कार्यक्रम अर्धशतक ओलांडून पुढे गेला आहे. त्यालाही पुरस्कर्ते लागतात, पण पाया ना-नफा सार्वजनिक प्रसारणाचा आहे. एकाच देशात, एकाच भाषेत, संगीताचा एक कार्यक्रम दोन हंगाम चालतो आणि दुसरा पन्नास वर्षे, हे केवळ नशिबाने घडत नाही.

भारतात असे प्रयोग झाले का?

झाले, आणि तेही चांगले झाले. २०११ मध्ये स्टार वर्ल्डवर ‘द ड्युअरिस्ट्स’ आला. मोनिका डोगरा सूत्रसंचालक. दोन-तीन कलावंतांना एखाद्या ठिकाणी एकत्र आणायचे आणि तिथेच नवे गाणे घडताना दाखवायचे, असे त्याचे स्वरूप. ब्रिटनच्या इमोजेन हीप आणि विशाल-शेखर, पाकिस्तानच्या झेब-हानिया आणि शंतनू मोइत्रा-स्वानंद किरकिरे अशा जोड्या त्यात जमल्या. २०१२ मध्ये एमटीव्हीवर ‘साउंड ट्रिपिन’ आला. संगीतकार स्नेहा खानवलकर देशात ठिकठिकाणी फिरत, तिथले आवाज टिपत आणि त्यांतूनच गाणे रचत. पंजाबमधल्या भागात नूरान भगिनींचा आवाज देशाने ऐकला, एक भाग मुंबईच्या धारावीत झाला. नूरान भगिनी पुढे ‘हायवे’ (२०१४) चित्रपटातून घराघरांत पोहोचल्या. अशा एका कार्यक्रमाने कलावंताचे आयुष्य किती बदलू शकते, याचे हे जवळचे उदाहरण.

‘कोक स्टुडिओ’ची कथाही याच वळणाची. ब्राझीलमध्ये २००७ ला जन्मलेली कल्पना पाकिस्तानात २००८ मध्ये रोहेल हयात यांनी बहराला आणली. भारतात ती २०११ मध्ये एमटीव्हीवर आली, चार हंगामांनी थांबली आणि २०२३ मध्ये ‘कोक स्टुडिओ भारत’ म्हणून परतली.

आता प्रायोजकांकडे पाहा. मिशेलॉब ही बीअर, ड्युअर्स ही व्हिस्की, कोक हे शीतपेय. खासगी टीव्हीवरील संगीताच्या प्रयोगांचे बिल अनेकदा पेयविक्रेत्यांनीच भरलेले दिसते. भारतात टीव्हीवर दारूची थेट जाहिरात करण्यास मनाई असल्याने नावाची ओळख रुजवण्यासाठी असे कार्यक्रम कंपन्यांना सोयीचेही ठरतात. यातून उत्तम गाणी झाली, यात वाद नाही. पण कोणता प्रयोग जगावा आणि कधी थांबावा, हे कुठल्या तरी कंपनीच्या विपणन विभागात ठरते. शिवाय तरुण शहरी ग्राहक हाच प्रायोजकाला हवा असल्याने, त्या ग्राहकाला न रुचणारे संगीत मुळात निवडलेच जात नाही.

जुने भाग आता कुठे पाहता येतात?

‘नाइट म्युझिक’चे तुकडे चाहत्यांनी घरच्या व्हीसीआरवर टिपलेल्या फितींमधून जगभर पसरले. धूसर चित्र, कडेला रेघा. संपूर्ण मालिका अधिकृतपणे डीव्हीडीवर किंवा ओटीटीवर आलेली नाही. अशा कार्यक्रमांचा मोठा अडथळा असतो तो हक्कांचा. एका सादरीकरणात गीतकार-संगीतकाराचा हक्क वेगळा, गाणाऱ्या-वाजवणाऱ्याचा वेगळा, चित्रीकरणाचा वेगळा आणि मध्ये दाखवलेल्या जुन्या फितीचा आणखी वेगळा. त्या काळातील करार प्रसारणापुरते होत असत. मोबाइलवर कधीही पाहण्याची सोय तेव्हा कुणाच्या कल्पनेतही नव्हती. त्यामुळे आज मालिका पुन्हा आणायची तर प्रत्येक गाण्यामागच्या प्रत्येक हक्कदाराला, तो हयात नसेल तर वारसाला, शोधून परवानगी घ्यावी लागते. पाहुणे जितके विविध, तितकी ही गुंतागुंत मोठी. म्हणजे कार्यक्रमाचा जो गुण, तोच त्याच्या जतनाच्या आड येतो.

सार्वजनिक संस्थांचा इतिहासही निष्कलंक नाही. फिती महाग होत्या म्हणून बीबीसीनेच १९६० आणि १९७०च्या दशकांत असंख्य कार्यक्रम पुसून त्यांवर नवे चित्रित केले. त्याची हळहळ तिथे आजही व्यक्त होते.

अल्गोरिदम हेच काम करत नाही का?

आज खिशातल्या फोनवर सेनेगलपासून सांगलीपर्यंतचे सर्व संगीत आहे, मग टीव्हीवरील अशा कार्यक्रमाची गरज काय, हा आक्षेप रास्त आहे. उपलब्धतेचा प्रश्न खरोखरच बराचसा सुटला आहे. पण शिफारशी करणारी यंत्रणा आधी ऐकलेल्यावरून पुढचे सुचवते. नाट्यसंगीत ऐकणाऱ्याला आणखी नाट्यसंगीत, ड्रिल रॅप ऐकणाऱ्याला आणखी ड्रिल रॅप. यंत्रणेच्या दृष्टीने यशस्वी शिफारस म्हणजे जी वगळली गेली नाही ती.

‘नाइट म्युझिक’चा हेतू उलटा होता. जे तुम्ही कधीच निवडले नसते, ते तुमच्या आवडत्या कलावंताच्या शेजारी उभे करायचे. कोहेन ऐकायला बसलेल्याला रॉलिन्स भेटले, ते अपघाताने नव्हे. कुणीतरी विचारपूर्वक ती भेट घडवली. शिवाय यंत्रणा झालेली गाणी पोहोचवते, दोन अनोळखी कलावंतांना एका खोलीत बसवून नवे गाणे घडवत नाही. त्यासाठी स्टुडिओ, मानधन, तालमीचे दिवस आणि धोका पत्करणारा माणूस लागतो.

पण सरकारी पैसा म्हणजे सरकारी गाणे, असे होणार नाही का?

होऊ शकते, आणि भारतीय प्रेक्षकाला त्याचा अनुभव आहे. प्रसारभारती कायदा १९९० मध्ये झाला, तो लागू व्हायला १९९७ उजाडले आणि त्यानंतरही दूरदर्शन केंद्र सरकारच्या अनुदानावरच अवलंबून राहिले. एकेकाळी आपल्याकडेही रेडिओ-टीव्हीसाठी टपाल कार्यालयात परवाना शुल्क भरावे लागे; ते १९८०च्या दशकात रद्द झाले. परवाना गेला, तेव्हा प्रेक्षक आणि वाहिनी यांच्यातला थेट व्यवहारही गेला.

सार्वजनिक पैसा कायमचा असतो, असेही नाही. जुलै २०२५ मध्ये अमेरिकेच्या काँग्रेसने सार्वजनिक प्रसारणासाठी आधीच मंजूर केलेले सुमारे १.१ अब्ज डॉलर परत घेतले आणि हा निधी वाटणाऱ्या महामंडळाने काम गुंडाळण्याची घोषणा केली. बीबीसीची सध्याची सनद २०२७च्या अखेरीस संपते आणि परवाना शुल्काच्या भवितव्यावर ब्रिटनमध्ये वाद सुरू आहे. म्हणजे बाजार दोन वर्षांनी हात काढतो आणि सरकार पन्नास वर्षांनीही काढू शकते. तरीही दोन आणि पन्नास यांत फरक आहे. शिवाय सार्वजनिक वाहिनी चुकली तर तिला जाब विचारण्याचा अधिकार नागरिकाला असतो, बीअर कंपनीला तो विचारता येत नाही.

मराठीसाठी याचा अर्थ काय?

मुंबई दूरदर्शन केंद्र २ ऑक्टोबर १९७२ रोजी सुरू झाले. ‘प्रतिभा आणि प्रतिमा’सारख्या कार्यक्रमाने साहित्यिक-कलावंतांना घरात आणले, ‘शब्दांच्या पलीकडले’ने गाण्यामागची माणसे दाखवली. जाहिरातदाराला मोह पडावा असे त्यात काही नव्हते. पण एका पिढीचा कान आणि अभिरुची त्यांतून घडली. आज त्याच केंद्राची ‘सह्याद्री’ वाहिनी महाराष्ट्रात घरोघरी उपलब्ध आहे, आणि खासगी मराठी वाहिन्यांवर संगीत म्हणजे मुख्यतः स्पर्धा, हे चित्र आहे.

स्पर्धा वाईट नाहीत. त्यांनी तालुक्यातालुक्यांतून गळे शोधले. पण स्पर्धेला ओळखीचे गाणे लागते, कारण गुण द्यायचे तर तुलना हवी. तारपा वाजवणारा पालघरचा आदिवासी कलावंत, धनगरी ओव्या गाणारा गट, पुण्यात आपल्या खोलीत संगणकावर संगीत रचणारी तरुणी यांची तुलना कुणाशी करणार? त्यांना गुणांची गरज नाही. त्यांना एक तास, चांगले ध्वनिमुद्रण, योग्य मानधन आणि शेजारी एक अनोळखी कलावंत हवा.

हे अशक्य नाही. आठवड्यातून एक तास ‘सह्याद्री’वर राखून ठेवायचा, वेळ रात्रीची असली तरी चालेल. निवडीचे काम समितीकडे न देता ठरावीक मुदतीसाठी एका जाणकाराकडे द्यायचे, आणि प्रत्येक भागाचे मोजमाप टीआरपीवर करायचे नाही. कलावंतांशी करार करतानाच डिजिटल प्रसारणाचे हक्क आणि त्याचा मोबदला स्पष्ट लिहायचा. २०१२च्या दुरुस्तीनंतर भारतीय स्वामित्वहक्क कायद्याने गीतकार-संगीतकारांच्या मानधनाला संरक्षण दिले आहे. लोककलावंतांच्या बाबतीत ते कागदावर उतरवण्याची जबाबदारी वाहिनीची. नोव्हेंबर २०२४ मध्ये गोव्यातील इफ्फीत प्रसारभारतीने ‘वेव्हज’ हा ओटीटी मंच सुरू केला. म्हणजे भाग चुकला तर पुन्हा पाहण्याची सोयही आहे, जी ‘नाइट म्युझिक’च्या प्रेक्षकाला नव्हती.

सॅनबॉर्न आणि विलनर यांच्याकडे कल्पना होती, वादक होते, जगातले उत्तम कलावंत त्यांच्या एका फोनवर येत होते. नव्हता तो तिसऱ्या वर्षाचा पैसा. महाराष्ट्रात कलावंतांची वानवा नाही आणि सार्वजनिक वाहिनी, तिचा स्टुडिओ, तिचा मंच हे सर्व आधीच लोकांच्या पैशांतून उभे आहे. त्यातला आठवड्याचा एक तास कुणाला ऐकू येत नसलेल्या गाण्यासाठी मागणे, ही चैन नाही. ती आपल्याच पैशांची विचारणा आहे.